प्रकाशा गावचा भाषिक नमुना

नंदुरबारचं पहिलं दर्शन आम्हाला नाकानं झालं. धुळ्याहून निघालेली आमची जीप गावाशी पोचायच्या आधीच सर शिंकू लागले. रस्त्याच्या दोन्ही बाजूंना मोकळ्या रानात मिरची वाळत घातली होती. नजर जाईल तिथवर लालच लाल. इकडे याला पथारी (मिरचीचं वाळवण) म्हणतात. तोंडाला फडकी बांधलेल्या बायका ती मिरची वरखाली करत होत्या. सरांनी जीप थांबवायला लावली, एका हातानं रुमाल नाकाशी धरला, दुसऱ्या हातानं रेकॉर्डर एका बाईसमोर धरला आणि विचारलं, "आपण कोणती भाषा बोलता?" बाई फडक्याआडून काहीतरी बोलली आणि नेमकी तेव्हाच सरांना शिंक आली. आमच्या सर्वेक्षणाचा हा पहिला नमुना. त्यात शिंक फार स्वच्छ ऐकू येते.

मी सांगलीकडची. पुण्याच्या एका विद्यापीठात भाषाविज्ञानात एम.ए. करते. आमच्या घरी अजून कुणाला मी नक्की काय शिकते ते समजलेलं नाही. मामांची समजूत आहे की मला पुष्कळ भाषा येतात. प्रत्यक्षात मला मराठी येते आणि पुष्कळ भाषांबद्दल नाक वर करून बोलता येतं. हा अभ्यासक्रम दुसरं काही शिकवत असेल तर माझ्या लक्षात आलेलं नाही. दुसऱ्या वर्षाला क्षेत्रकार्य असतं, म्हणजे गावोगाव फिरून लोकांची बोली ध्वनिमुद्रित करायची. सरांनी या वर्षी खानदेश निवडला, कारण त्यांना 'शुद्ध अहिराणी' हवी होती. शुद्ध तूप मागावं तशी ते ती मागत. वर्गात आम्ही आधीच थोडे, त्यातले बाकीचे निघायच्या आदल्या दिवशी आजारी पडले. उरलो सर, मी आणि शबाना.

शबाना शहाद्याची. तिच्या वडिलांचं, सलीमभाईंचं, बाजारात गाद्या-रजया भरून देण्याचं दुकान आहे. ती अहिराणीत वाढली, अहिराणीत भांडली, आणि तिला प्रबंध करायचा होता तो बाजारात बोलल्या जाणाऱ्या अहिराणीवर. तो विषय सरांनी सहीविना परत केला होता. त्यांचं म्हणणं, अहिराणी ही तुझी मातृभाषा नाही, तुमची उर्दू. शबानानं सांगून पाहिलं की घरात ती आईशी अहिराणीत बोलते. सर म्हणाले की तो सवयीचा भाग झाला, मातृभाषा निराळी. ज्या माणसानं तिच्या आईला कधी पाहिलं नव्हतं, त्यानं तिची मातृभाषा ठरवून टाकली होती. आता मात्र प्रवासाची व्यवस्था लावायला आणि ओळखी काढायला ती सरांना हवी होती. जीपमध्ये ती मागच्या बाकावर, सामानाजवळ बसली.

दुपारी आम्ही शहाद्याला तिच्या घरी जेवलो. कळण्याची भाकरी (ज्वारी आणि उडीद एकत्र दळून केलेली), वांग्याचं भरीत, वर तेलात परतलेला ठेचा. शबानाची अम्मी दारात उभी राहून भाजीवाल्याशी मेथीच्या जुडीवरून हुज्जत घालत होती. तो अहिराणीत, तीही अहिराणीत, आणि ऐकण्यासारखी. सर भाकरीचा घास घेत म्हणाले, "आईंच्या उर्दूत काय नजाकत आहे." शबानानं माझ्याकडे पाहिलं. मी भरीत वाढून घेतलं, कारण हसू आवरायला तोंडात काहीतरी असणं गरजेचं होतं. रेकॉर्डर सरांच्या पिशवीतच राहिला. तिथं त्यांच्या मते टिपण्याजोगं काही नव्हतं.

दुसऱ्या दिवशी म्हसावद. शहाद्याहून उत्तरेला निघालं की पपई आणि केळीचे मळे लागतात, मधून ऊस, आणि समोर सातपुडा निळ्या भिंतीसारखा वाढत जातो. गाव मोठं, पैसेवाली शेती, नवी घरं. एका बागायतदारानं आम्हाला ओट्यावर खुर्च्या दिल्या आणि दोन्ही हात मांडीवर ठेवून तो परीक्षेला बसल्यासारखा बसला. सरांनी आपली शब्दांची जंत्री काढली. स्वतःचा हात वर करून विचारलं, याला काय म्हणता? तो म्हणाला, हात. सर म्हणाले, मराठीत नको, तुमच्या बोलीत सांगा. त्यानं थोडा विचार केला आणि पुन्हा सांगितलं, हात. पाण्याला तो पाणीच म्हणाला. सरांचा चेहरा उतरत गेला. भेसळ, भेसळ, असं ते पुटपुटले.

मग त्यांनी विचारलं की घरी कोणती भाषा बोलता. त्या माणसानं सरळ सांगितलं: घरात गुजरी, बाजारात अहिराणी, मजुरांशी भिली, आणि तुमच्यासारखे साहेब आले की मराठी. सरांना यातली खरी कोणती ते हवं होतं. तो म्हणाला, "सगळ्याच खऱ्या. रोज लागतात." सरांनी रेकॉर्डर बंद केला. रेकॉर्डरवर वाऱ्याचा आवाज अडवायला एक केसाळ टोपी असते. आम्ही निघेपर्यंत त्या ओट्यावरच्या कुत्र्यानं तिचा वास घेऊन तिच्यावर एकदा पंजा मारला होता. त्या दिवशी त्या यंत्राला दुसऱ्या कुणी इतक्या मनापासून प्रतिसाद दिला नाही.

परतताना सर जीपमध्ये बराच वेळ बोलत होते. भाषा मरते आहे, लोकांना तिची लाज वाटते, वगैरे. खुर्चीत बसवून, समोर यंत्र धरून, 'आपण' म्हणून विचारल्यावर माणूस शाळेतली भाषाच बोलणार, हे पहिल्या वर्षाच्या पुस्तकात लिहिलेलं आहे. तो धडा आम्हाला सरांनीच शिकवला होता.

प्रकाशाला आम्ही त्याच्या पुढच्या सकाळी गेलो. तापीचं पात्र इथं रुंद आणि संथ आहे, बंधाऱ्यानं अडवलेलं. काठावर जुनी देवळं आहेत, आणि काशीला जाऊन आलेली माणसं इथं आल्याखेरीज यात्रा पुरी मानत नाहीत. घाटावर मुंडण चाललं होतं. सरांनी दर्शन घेतलं, फोटो काढवून घेतला, आणि मग आम्ही गावातल्या एका पाटलांकडे गेलो. नाव दगाजी पाटील म्हणू. त्यांची आणि त्यांच्या घरातली नावं मी बदलली आहेत, गावही हेच आहे असं धरू नका, आणि घराचं वर्णनही करणार नाही. का, ते पुढे येईल.

पाटील सरांना घेऊन पुढच्या खोलीत बसले आणि त्यांनीही छान पेपरातली मराठी लावली. शबाना आणि मी पाणी घ्यायच्या निमित्तानं आत गेलो. आत त्यांच्या पत्नी, विमलमावशी, बिबडी (ज्वारीचे वाळवलेले पापड) भाजत होत्या. त्यांनी शबानाकडे निरखून पाहिलं.

"कोन्ही अंडेर शे वं तू?" (कुणाची मुलगी गं तू?)

"शहादाना सलीमभाई गादीवाला, त्यास्नी."

विमलमावशींच्या हातातलं बिबडं तसंच राहिलं आणि एका बाजूनं करपलं. "तुन्हा बापनी भरेल गादी मन्ही अंडेरना लगनमा दिन्ही व्हती," त्या म्हणाल्या. (तुझ्या बापानं भरलेली गादी माझ्या मुलीच्या लग्नात दिली होती.)

त्यानंतर मी त्या स्वयंपाकघरात नसल्यासारखीच होते. गादीवरून लग्न निघालं, लग्नावरून मुलगी. मला निम्मं कळत होतं, निम्मं सुटत होतं. मध्येच सर दारात डोकावले, पाणी मागितलं, पिशवी कपाटाशेजारच्या फळीवर ठेवली आणि पेला घेऊन परत गेले. विमलमावशी गप्प झाल्या आणि ते गेल्यावर पुन्हा बोलू लागल्या. त्यांचा आवाज खाली गेला. शेवटी त्यांनी डोळ्यांना पदर लावला, आणि शबानानं त्यांच्या पाठीवर हात ठेवला. निघताना त्यांनी आम्हाला बिबडी बांधून दिली. सर पिशवी घ्यायला स्वतः आत आले.

संध्याकाळी शहाद्याच्या लॉजवर सरांनी स्वतः ऐकून झाल्यावर रेकॉर्डर माझ्याकडे दिला. त्यांचा चेहरा फुलला होता. सगळं लॅपटॉपवर उतरवून घे आणि शबानाकडून अर्थ लावून घे, असं सांगून ते चहाला गेले. मी फाइल उतरवली, हेडफोन शबानाला दिले. तिनं ऐकायला सुरुवात केली आणि थोड्याच वेळात हेडफोन काढून मांडीवर ठेवले. मी काय झालं विचारलं. ती म्हणाली, "हे स्वयंपाकघरातलं आहे."

पिशवी फळीवर विसरली नव्हती; ठेवली होती. आत रेकॉर्डर चालू होता.

विमलमावशींनी शबानाला काय सांगितलं ते मी इथं लिहिणार नाही. एवढंच सांगते की त्यांची मुलगी कुठं आहे हे तिच्या सासरच्यांना ठाऊक नव्हतं, आणि ठाऊक झालं असतं तर तिला तिथून जीव मुठीत धरून पळावं लागलं असतं. त्या बोलण्यात गाव होतं, मुलीचं नाव होतं, ती काम करते त्या ठिकाणाचं नाव होतं.

सर चहा घेऊन आले तेव्हा शबाना उभी होती. तिनं शांतपणे सांगितलं की हे पुसायला हवं. सरांना आधी तिचं बोलणंच कळलं नाही. ते म्हणाले की इतक्या वर्षांत इतकं नैसर्गिक संभाषण कुणाला मिळालेलं नाही, पुढच्या महिन्यातल्या चर्चासत्रात ते ऐकवायचं आहे, हुंदक्याच्या आधीचं क्रियापद तर अप्रतिम आहे. हुंदक्याच्या आधीचं क्रियापद. हे शब्द मी घरी मामांना सांगितले तेव्हा त्यांना पहिल्यांदाच मी काय शिकते त्याची थोडी कल्पना आली.

शबाना म्हणाली की त्यांची परवानगी घेतलेली नाही. सरांचं उत्तर तयार होतं: आडनाव गाळू. ती म्हणाली, गावाचं नाव राहील, आवाज राहील, एवढं पुरतं.

मग सर खाली बसले आणि त्यांनी आवाज मऊ केला. अशा वेळी ते फार प्रेमळ दिसतात. "शबाना, तुझ्या विषयाचा मी पुन्हा विचार केला," ते म्हणाले. "या नमुन्याचं लिप्यंतर तू करून दे. मी सही करतो. भाषा तुझी आहे हे आता सिद्धच झालंय."

दोन सत्रं शबाना ती सही मागत होती. ती मिळाली नाही तर तिचं वर्ष जाणार होतं, आणि घरी निघालेलं तिच्या लग्नाचं बोलणं ती शिकते आहे एवढ्यावरच थांबलेलं होतं. हे सरांना माहीत होतं. तिनंच कधीतरी विनवणी करताना सांगितलं होतं. मला वाटतं, तेवढ्यावर त्यांना आपलं काम झाल्यासारखं वाटलं. चहाचा घोट घेऊन ते म्हणाले, "माणसं जातात. नमुना राहतो."

"उद्या मी विमलमावशींना सांगणार आहे," शबाना म्हणाली.

सर हसले. त्यांना तसंही सकाळी पाटलांकडे पुन्हा जायचंच होतं, आणि ही मुलगी आपणच जाऊन असलं काही सांगेल, यावर त्यांचा विश्वास नव्हता. आपल्यामुळेच त्या बोलल्या या लाजेखातर ती गप्प बसेल असा त्यांचा हिशेब होता. भाषेच्या अभ्यासकाला माणसं ओळखता येत नाहीत ती अशी.

सकाळी प्रकाशाला पोचल्यावर सर पाटलांबरोबर बाहेरच्या खोलीत बसले आणि शबाना थेट आत गेली. मी तिच्या मागे. तिनं विमलमावशींना उभ्या उभ्या सगळं सांगितलं. मी ओळख सांगितली म्हणून तुम्ही बोललात आणि ते पिशवीतल्या यंत्रात गेलं, हेही सांगितलं. विमलमावशींनी परात खाली ठेवली. त्यांचा राग आधी तिच्यावरच निघाला, आणि तो मोठ्या आवाजात नव्हता.

"तूबी त्यासमानीच का?" (तूही त्यांच्यातलीच का?)

विमलमावशींनी शबानाकडे पाहिलं, डोक्यावरचा पदर नीट केला आणि त्या बाहेर गेल्या. त्या घरात बाईनं पाहुण्या पुरुषांसमोर असं जाऊन उभं राहणं रोजचं नसावं, कारण पाटील चटकन उठले.

"साहेब," त्या सरांना म्हणाल्या, "ती गोट मी तुमले सांगेल नही शे. या पोरले सांगेल शे. मन्ही अंडेरनी गोट मन्हा घरमाच ऱ्हाई. पुसी टाका." (ती गोष्ट मी तुम्हाला सांगितलेली नाही. या पोरीला सांगितली आहे. माझ्या मुलीची गोष्ट माझ्या घरातच राहील. पुसून टाका.)

इतके दिवस ज्या अहिराणीसाठी आम्ही रान तुडवलं ती आज समोर उभी राहून थेट सरांशी बोलत होती. आणि मी स्वतःच्या डोळ्यांनी पाहिलं, विमलमावशी बोलत असताना सरांचा अंगठा मांडीवरच्या रेकॉर्डरच्या बटणाकडे सरकला. यंत्रावरचा लाल दिवा लागला. ते फार वाईट हेतूनं केलं असंही मला वाटत नाही. त्यांचा हात आपोआप गेला, जसा झोपेत डास मारायला जातो. पण मला त्या माणसाबद्दल जो काही आदर उरला होता तो त्या दिव्याबरोबर गेला.

शबानानंही पाहिलं. तिनं पुढे होऊन रेकॉर्डर त्यांच्या हातातून काढून घेतला, बंद केला आणि परत त्यांच्यासमोर धरला. "सर, आत्ताचं पुसा आणि कालचंही."

पाटलांना तोवर अंदाज आला होता. त्यांनी दार लोटून घेतलं, आणि सरांच्या समोरच्या खुर्चीवर ते बसून राहिले. सरांनी गावंढळ, अज्ञान, विज्ञानाचं नुकसान असं काहीबाही मराठीत म्हणून पाहिलं. मग बटणं दाबली. "झालं. पुसलं," ते म्हणाले, आणि माझ्याकडे बघितलं.

ती नजर मला नीट कळली. लॅपटॉप माझ्या खांद्यावरच्या पिशवीत होता. क्षेत्रकार्याचे गुण सरच देणार होते, आणि पुढच्या वर्षी पीएच.डी.ला शिफारसही त्यांचीच लागणार होती. विमलमावशी आत जायला वळल्या होत्या. मी म्हणाले, "मावशी, थांबा. अजून एक प्रत माझ्याकडे आहे."

लॅपटॉप मी त्यांच्यासमोरच उघडला. त्या माझ्या शेजारी बसल्या. फाइल कुठली ते दाखवलं, पुसली, मग कचऱ्याच्या डब्यातूनही पुसली. आता कुठंच नाही का, असं त्यांनी दोनदा विचारलं. मी नाही म्हटलं. मग त्यांनी शबानाला आत बोलावलं आणि दोघी बराच वेळ आत होत्या. त्या काय बोलल्या ते मला माहीत नाही. सर जीपमध्ये जाऊन बसले होते. शबाना बाहेर आली तेव्हा तिचे डोळे लाल होते आणि चेहरा मोकळा होता.

पुण्यापर्यंतचा प्रवास सरांनी पुढच्या बाकावर डोळे मिटून केला. वाटेत दोंडाईच्याला मी आणि शबानानं शेवभाजी खाल्ली, एवढी तिखट की कानातून वाफ निघावी. सर जीपमधून उतरले नाहीत. त्यांना भूक नव्हती.

पुढे जे व्हायचं ते झालं. माझ्या अहवालावर 'निष्काळजीपणामुळे बहुमोल सामग्री नष्ट' असा शेरा पडला आणि गुणही त्याला साजेसे मिळाले. शबानाचं एक सत्र गेलं. तेवढ्यात तिच्या वडिलांनी लग्नाचं बोलणं आपणहून पुढे ढकललं. अम्मीनं त्यांना प्रकाशाची हकीकत सांगितली होती. नव्यानं आलेल्या एका मॅडमनी तिला आपल्याकडे घेतलं. विषय तोच, बाजारातली अहिराणी. उन्हाळ्यात ती विमलमावशींकडे जाऊन आली. त्यांनी बिबडी कशी करतात ते सांगताना रेकॉर्डर लावू दिला, इतर काही बोलायचं झालं की स्वतःच हात करून बंद करायला लावत. हे लिहू का, असं मी शबानामार्फत त्यांना विचारलं. नावं बदल, गाव बदल आणि अंडेर कुठं आहे ते गाळ, म्हणाल्या.

सरांचं चर्चासत्र मात्र ठरल्याप्रमाणे त्याच्या पुढच्याच महिन्यात झालं होतं. नमुना नव्हता, म्हणून त्यांनी चित्रं दाखवली: लाल पथारी, तापीवरचा पूल, घाटावर स्वतः. विषय होता अहिराणीचा ऱ्हास. ते सांगत होते की या भाषेचे भाषक आता परक्यांसमोर तोंड उघडत नाहीत, भाषा आत आत आक्रसत चालली आहे, थोड्या वर्षांत ती ऐकायलाही मिळणार नाही. सभागृहातले पाहुणे खिन्नपणे माना डोलवत होते. माणसानं आपल्याशी बोलायचं सोडलं की तो मुका झाला असं समजायचं, आणि त्याच्यावर निबंध वाचायचा. मी दोन वर्षं फी भरून हे शास्त्र शिकले.

तेवढ्यात माझ्या शेजारी शबानाचा फोन थरथरला. तिनं ओढणीआड धरून हलक्या आवाजात सांगितलं, "अम्मी, मी कार्यक्रममा शे. हा, जेवन करी लिधं. मंग बोलसू."

सर बोलायचे थांबले आणि मंचावरून म्हणाले की कृपया शांतता राखा.